बेथ्यूनचं बोट आणि रक्तातले आकडे

डॉ. द्वारकानाथ कोटणीस कोण, हे सोलापुरात कुणाला सांगावं लागत नाही. भैय्या चौकात त्यांचं स्मारक आहे आणि तिकडे कधी न फिरकलेल्यांना निदान व्ही. शांतारामांचा १९४६ चा सिनेमा तरी ठाऊक असतो. १९३८ साली पाच भारतीय डॉक्टरांच्या पथकातून चीनला गेले, ९ डिसेंबर १९४२ ला वयाच्या ३२ व्या वर्षी फेफऱ्याच्या झटक्यांनी तिथेच गेले. पण आज लिहायचंय ते त्यांच्याबद्दल नाही. ते ज्या इस्पितळाचे प्रमुख झाले, त्याच्या पाटीवरच्या नावाबद्दल. डॉ. नॉर्मन बेथ्यून.

बेथ्यून कॅनडाचा सर्जन. स्पेनच्या यादवी युद्धात फिरती रक्तपेढी चालवून मग चीनला आलेला. ऑक्टोबर १९३९ च्या अखेरीस शस्त्रक्रिया करताना त्याचं बोट कापलं. हातात मोजे नव्हते. जखमेतून जंतू शिरले आणि १२ नोव्हेंबरला तो गेला. जेमतेम दोन आठवडे!

आपल्याकडे बोटाला पू झाला तरी "सेप्टिक झालं" म्हणतात. डॉक्टरांचा सेप्सिस म्हणजे त्याच्या पुष्कळ पुढची गोष्ट. जंतूंशी लढताना शरीराचाच तोल जातो आणि किडनी, फुप्फुसं, यकृत असे स्वतःचेच अवयव बंद पडायला लागतात. मी काही डॉक्टर नाही, सॉफ्टवेअरवाला माणूस. सर्व्हर झोपला की आमचा पहिला प्रश्न असतो, लॉगमध्ये आधी काय दिसत होतं? तोच प्रश्न बेथ्यूनच्या बाबतीत डोक्यात आला. हा माणूस यातून उठणार नाही, हे कशावरून आणि कधी कळलं असतं?

ताप, नाडी, श्वास हे सोडून रक्तात काही दिसलं असतं का? गंमत म्हणजे दिसलं असतं. १९३० मध्येच न्यूयॉर्कच्या रॉकफेलर इन्स्टिट्यूटमध्ये टिलेट आणि फ्रान्सिस यांना न्यूमोनियाच्या रुग्णांच्या रक्तात एक पदार्थ सापडला होता. आजार भरात असताना तो असायचा, रोगी बरा व्हायला लागला की नाहीसा व्हायचा. आज लॅबच्या रिपोर्टवर 'सीआरपी' दिसतं ना, तेच हे. पण तेव्हा ते प्रयोगशाळेपुरतं होतं, रणभूमीवर त्याचा उपयोग शून्य.

दुसरा आकडा याहून जुना, आणि त्याची गोष्ट वाचून मी जरा वेळ गप्पच बसलो. १८४३ साली जर्मनीतल्या वुर्झबुर्गच्या योहान शेरर यांनी बाळंतज्वराने दगावलेल्या बायकांचं रक्त तपासलं आणि त्यात लॅक्टिक आम्ल सापडलं. म्हणजे सेप्सिसचा सगळ्यात जुना मार्कर बाळंतिणींच्या मृतदेहांत सापडलेला आहे. पुढे चारच वर्षांनी, १८४७ मध्ये, व्हिएन्नात कोलेच्का नावाच्या डॉक्टरच्या बोटाला शवविच्छेदन करताना विद्यार्थ्याची सुरी लागली आणि तो गेला. त्याच्या शरीरात बाळंतिणींसारख्याच खुणा दिसल्या, त्यावरून त्याचा मित्र झेमेलवाइस याच्या लक्षात आलं की रोग डॉक्टरांच्याच हातांनी जातोय. हात धुवा, हे तिथून सुरू झालं. पुन्हा बोटच, बघा.

शेररचं लॅक्टेट मात्र बराच काळ अडगळीत राहिलं. १९६४ मध्ये अमेरिकेत ब्रोडर आणि वाइल यांनी दाखवलं की शॉकमधल्या रुग्णाच्या रक्तात ते जितकं जास्त, तितकी वाचण्याची आशा कमी. पेशींना ऑक्सिजन पुरेना की ते वाढतं, यकृत थकलं की साचतं. २०१६ च्या व्याख्येत तर ते थेट येऊन बसलं. सलाइन देऊनही रक्तदाब टिकवायला औषध लागतंय आणि लॅक्टेट २ मिलिमोलच्या वर आहे, तर तो सेप्टिक शॉक, आणि अशा रुग्णांत मृत्यूचं प्रमाण ४० टक्क्यांहून जास्त.

मग १९९३ मध्ये पॅरिसहून प्रोकॅल्सिटोनिन आलं, आणि त्यानंतर जत्राच. २०१० मध्ये पिएराकोस आणि व्हिन्सेंट यांनी मोजदाद केली तेव्हा अभ्यासलेले मार्कर १७८ होते, २०२० मध्ये २५८. ज्याने कधी २५८ ग्राफचा डॅशबोर्ड पाहिलाय त्याला सांगायला नको की त्यातला कुठला ग्राफ रात्री ३ वाजता खरं बोलतोय ते कळत नाही. एकेका आकड्यापेक्षा तो चढतोय की उतरतोय हे जास्त बोलतं, असं मला वाटतं. टिलेट-फ्रान्सिसना तेच तर दिसलं होतं!

आणि आता खरी मजा. २०१९ मध्ये दक्षिण अमेरिकेतल्या २८ अतिदक्षता विभागांत ४२४ रुग्णांवर झालेल्या एका चाचणीचे निकाल प्रसिद्ध झाले. निम्म्यांचे उपचार लॅक्टेट बघून, निम्म्यांचे बोट दाबून! काचेची पट्टी बोटाच्या पेरावर १० सेकंद दाबायची, सोडायची, रंग परत यायला ३ सेकंदांहून जास्त लागले तर गडबड. २८ दिवसांत बोटवाल्या गटात ३४.९ टक्के दगावले, लॅक्टेटवाल्या गटात ४३.४ टक्के. संख्याशास्त्राच्या कसोटीवर हा फरक थोडक्यात कमी पडला, पण बोट मागे नक्कीच नव्हतं. म्हणजे ही खूण १९३९ साली चीनमधल्या त्या खेड्यातही, घड्याळाच्या सेकंदकाट्यावर बघता आली असती.

बघून करणार काय होते, हा पुढचा प्रश्न. कोटणीसांनी जानेवारी १९४१ मध्ये बेथ्यूनच्या नावाच्या इस्पितळाची सूत्रं हाती घेतली. पुढच्याच महिन्यात ऑक्सफर्डला सेप्सिसने खंगलेल्या अल्बर्ट अलेक्झांडर या पोलिसाला पेनिसिलिन टोचलं गेलं. काही दिवसांत ताप उतरला, भूक लागली. औषध इतकं थोडं होतं की त्याच्या लघवीतून परत काढून तेच पुन्हा देत होते. मग तेही संपलं, आणि १५ मार्चला तो गेला.