वाड्यातून वाचनालयात : ऑलथॉर्पचा ग्रंथसंग्रह

इंग्लंडमधील नॉर्थॅम्प्टनशायर परगण्यातला ऑलथॉर्पचा वाडा आज जगाला ठाऊक आहे तो राजवधू डायानाचे माहेर म्हणून. १९९७ मध्ये तिचे दफन याच वाड्याच्या उद्यानातील तळ्यामधल्या बेटावर झाले. ग्रंथप्रेमींनी मात्र या वाड्याचे स्मरण ठेवावे ते निराळ्या कारणासाठी.

मेंढ्यांच्या पैदाशीतून आणि लोकरीतून संपन्न झालेल्या स्पेन्सर घराण्याने १५०८ मध्ये ऑलथॉर्प विकत घेतले. पुढे या घराण्यास अर्ल ही पदवी मिळाली. दुसरे अर्ल जॉर्ज जॉन स्पेन्सर (१७५८–१८३४) हे १७९४ ते १८०१ या काळात ब्रिटिश आरमाराचे मंत्री होते. परंतु त्यांचे खरे व्यसन ग्रंथांचे. गुटेनबर्गचे बायबल, १४५७ चे माइन्झचे स्तोत्रपुस्तक, इंग्लंडचा आद्य मुद्रक कॅक्स्टन याची पुस्तके अशी मुद्रणकलेच्या बाल्यावस्थेतील रत्ने त्यांनी वाड्यात आणली. १८१२ च्या एका प्रसिद्ध लिलावात बोकाचिओच्या ‘डेकॅमेरॉन’ची १४७१ ची प्रत त्यांच्या हातून निसटली, मार्क्विस ऑफ ब्लँडफर्ड यांनी ती २,२६० पौंडांस घेतली. अर्लसाहेबांनी धीर सोडला नाही. सात वर्षांनी ब्लँडफर्ड यांचाच संग्रह विक्रीस निघाला, तेव्हा तीच प्रत त्यांनी ९१८ पौंडांत मिळविली!

काळ पालटला. १८७० नंतर इंग्लंडमधील शेतीस मंदीने ग्रासले, जमिनीचे उत्पन्न घटले आणि मोठमोठी घराणी अडचणीत आली. १८९२ मध्ये पाचव्या अर्लना सुमारे चाळीस हजार ग्रंथांचा हा संग्रह विकावा लागला. तो लिलावात विखुरला असता, तर एका पिढीची साधना मातीमोल झाली असती. तसे घडले नाही. मँचेस्टरचे कापड व्यापारी जॉन रायलंड्स १८८८ मध्ये निवर्तले होते. त्यांच्या स्मरणार्थ ग्रंथालय उभारीत असलेल्या त्यांच्या पत्नी एन्रिकेटा यांनी हा संग्रह अखंड विकत घेतला. बॅझिल चँपनीज या वास्तुविशारदाने उभारलेल्या भव्य वास्तूत १ जानेवारी १९०० पासून वाचकांना प्रवेश मिळू लागला. १९७२ मध्ये हे ग्रंथालय मँचेस्टर विद्यापीठाच्या ग्रंथालयात विलीन झाले.

वाडा स्पेन्सर घराण्याकडेच राहिला. ग्रंथ तेवढे गेले. कुळाच्या दृष्टीने ती हानीच होती. पण वाड्यात असताना जे ग्रंथ पाहण्यासाठी धन्याची अनुमती लागे, ते आता अभ्यासकांस खुले झाले. ज्या ‘डेकॅमेरॉन’साठी दोन सरदार हट्टाला पेटले, ते आज त्याच ग्रंथालयात आहे. अर्लसाहेबांनी वेचलेले आणि एन्रिकेटाबाईंनी राखलेले हे धन वाचकांच्या हाती आले. ग्रंथ जमविणाऱ्याइतकेच, ते विखुरू न देता लोकांसाठी खुले करणाऱ्याचेही ऋण मोठे असते.