मिठी नदी

मुंबईच्या उपनगरांतून वाहत माहीमच्या खाडीवाटे अरबी समुद्राला मिळणारी साष्टी बेटावरील नदी. लांबी सु. १७.८ किमी.; पाणलोट क्षेत्र सु. ७३ चौ. किमी. विहार तलावाच्या सांडव्यावरून पडणारे पाणी हा तिचा उगम असून पवई तलावाचे जादा पाणी तिला पुढे येऊन मिळते. साकीनाका, जरीमरी, कुर्ला, कलिना, वांद्रे-कुर्ला संकुल आणि धारावी असा तिचा मार्ग आहे. दहिसर, पोयसर व ओशिवरा या मुंबईतील इतर नद्यांच्या तुलनेत कारखाने, वस्ती आणि भराव यांचा सर्वाधिक भार मिठीवर पडला. २००५ च्या महापुरापूर्वी काठावरच्या बऱ्याच रहिवाशांच्या लेखी ती नदी नव्हती, नाला होता.

प्रवाह : वरचा टप्पा डोंगरउताराचा, तर खालचा जवळजवळ सपाट आहे. भरतीचे पाणी कलिना-कुर्ल्याच्या परिसरापर्यंत आत चढते. त्यामुळे वाकोला नाला मिळाल्यानंतरची मिठी म्हणजे एका अर्थी खाडीच होय. पूर्वी तिच्या दोन्ही अंगांना खाजणे, मिठागरे आणि तिवरांची दाट झाडी होती. मुसळधार पाऊस आणि समुद्राची भरती एकाच वेळी आली, की नदीच्या पाण्याला बाहेर पडायला वाट राहत नाही. अशा वेळी ते काही तास आपल्यात सामावून घेण्याचे काम ही खाजणे करीत. मिठीचा पुढचा इतिहास बव्हंशी ही जागा कमी होत गेल्याचा आहे.

सरहद्द व बांध : अठराव्या शतकात माहीमची खाडी ही राजकीय सीमा होती. दक्षिणेला इंग्रजांची मुंबई आणि उत्तरेला पोर्तुगीजांची साष्टी होती. गव्हर्नर जॉन हॉर्न याच्या आज्ञेने १७३७ मध्ये बांधलेला रिवा किल्ला ऊर्फ काळा किल्ला या सीमेवरील पहाऱ्याचा होता. आज तो धारावीच्या वस्तीने वेढलेला आहे. त्याच सुमारास साष्टी मराठ्यांनी घेतली आणि १७७४ च्या अखेरीस ती इंग्रजांकडे गेली. खाडीचे दोन्ही काठ एका सत्तेखाली आल्यावर ते जोडण्याची गरज भासू लागली. शीव व कुर्ला यांना जोडणारा बांधरस्ता १८०५ मध्ये पूर्ण झाला. माहीम व वांद्रे यांच्यामधला बांधरस्ता अवाबाई जमशेटजी जीजीभाई यांच्या देणगीतून १८४५ मध्ये खुला झाला. पुढे लोहमार्गही आले. दळणवळण सुकर झाले, पण भरती-ओहोटीच्या मोकळ्या वाटेवर बांध पडत गेले.

तलाव : मुंबईला नळाने पाणी पुरवण्याची पहिली मोठी योजना म्हणजे विहार धरण (१८५६–६०). अभियंता हेन्री कॉनीबेअर यांच्या आराखड्यानुसार ते मिठीच्याच खोऱ्यात बांधले गेले. १८९१ च्या सुमारास पवई तलाव झाला. त्याचे पाणी पिण्यास योग्य न ठरल्याने ते इतर कामांसाठी वापरले जाऊ लागले. या धरणांमुळे नदीचे मूळचे पाणी माथ्यावरच अडले. तलाव भरून वाहू लागले तरच त्यातले काही पाणी पात्रात उतरते. परिणामी पावसाळ्याखेरीजच्या आठ महिन्यांत मिठीत जे वाहते ते मुख्यतः सांडपाणी असते. शहराची पहिली तहान भागवण्यासाठी दिलेली ही किंमत मिठीच्या प्रदूषणाच्या चर्चेत क्वचितच मोजली जाते.

उद्योग : घाण करणारे धंदे शहराच्या वेशीबाहेर ठेवायचे आणि मग शहरानेच वेस ओलांडून पुढे जायचे, हा क्रम मिठीकाठी स्पष्ट दिसतो. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात वांद्र्याला कत्तलखाना होता (तो १९७१ मध्ये देवनारला हलला). त्याच्या आसऱ्याने धारावीत चामडे कमावण्याचा धंदा वाढला. या धंद्यातले अनेक जण तमिळ प्रदेशातून आलेले होते. कुर्ल्यात कापडगिरण्या उभ्या राहिल्या. तेथील बंद पडलेली एक गिरणी जमशेटजी टाटांनी १८८६ मध्ये विकत घेऊन तिला ‘स्वदेशी’ हे नाव दिले. विसाव्या शतकाच्या मध्यानंतर कुर्ला व साकीनाक्याच्या पट्ट्यात अभियांत्रिकी कारखाने, मोटारदुरुस्तीची गॅरेजे, रंगकाम, भंगारबाजार आणि तेलाची पिंपे धुऊन पुन्हा विकण्याचे व्यवसाय दाटीने वाढले. पिंपांतला गाळ, वापरलेले वंगण आणि रंगांचे पाणी जवळच्या गटारातून थेट पात्रात जाई. गोठ्यांचे शेण आणि मलनिःसारण वाहिन्यांना न जोडलेल्या वस्त्यांचे सांडपाणीही त्यात मिसळे. मोठ्या कारखान्याला नोटीस बजावता येते. एका खोलीतल्या कारखान्याचा पत्ता शोधणेच अवघड, ही मिठीच्या प्रदूषण नियंत्रणातली कायमची अडचण आहे.

याचा पहिला फटका कोळ्यांना बसला. धारावी आणि माहीम या दोन्ही कोळीवाड्यांचा उदरनिर्वाह खाडीवर होता. पाणी बिघडले आणि तिवरे गेली, तशी खाडीतली मासळीही गेली. धारावी कोळीवाडा आजही जागेवर आहे, पण खाडीशी त्याचा धंद्याचा संबंध जवळपास तुटला आहे.

विमानतळ व भराव : दुसऱ्या महायुद्धाच्या काळात हवाई दलाचा तळ असलेल्या सांताक्रूझ विमानतळाचा पुढे विस्तार होत गेला, तेव्हा नदी त्याच्या आड आली. तिला जवळजवळ काटकोनात वळवले गेले आणि धावपट्टीखालून काढण्यात आले. १९७७ मध्ये मुंबई महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे वांद्रे-कुर्ला संकुलाचे नियोजन सोपवण्यात आले. सु. ३७० हेक्टरांचे हे क्षेत्र मिठी, वाकोला नाला आणि माहीमची खाडी यांच्या काठच्या दलदलीचे होते. त्यावर भराव घालून कचेऱ्या, बँका आणि बाजारपेठा उभ्या राहिल्या. याच काळात धारावीजवळच्या काठावरील कचराभूमीवर मात्र उलट प्रयोग झाला. १९८३ पासून तेथे झाडे लावण्यात आली आणि १९९४ मध्ये सु. १५ हेक्टरांचे महाराष्ट्र निसर्ग उद्यान खुले झाले.

२६ जुलै २००५ चा पूर : त्या दिवशी सांताक्रूझ येथे चोवीस तासांत ९४४ मिमी. पाऊस नोंदला गेला. कुलाब्यास त्याच काळात सु. ७३ मिमी. पडला. म्हणजे आभाळ नेमके मिठीच्या खोऱ्याच्या आसपास फाटले होते. समुद्राला भरती होती. मुंबईची पर्जन्यजल व्यवस्था ताशी २५ मिमी. पावसाच्या हिशेबाने बांधलेली होती. १९८५ च्या पुरानंतर हाती घेतलेल्या ‘ब्रिमस्टोवॅड’ अहवालाने १९९३ मध्ये ही क्षमता दुप्पट करण्याची शिफारस केली होती, पण तिचा बराचसा भाग कागदावरच राहिला होता. कुर्ला, कलिना, साकीनाका हे भाग पाण्याखाली गेले, विमानतळ बंद पडला आणि शहरात चारशेहून अधिक माणसे दगावली. जलतज्ज्ञ माधवराव चितळे यांच्या अध्यक्षतेखालील सत्यशोधन समितीने मार्च २००६ मध्ये अहवाल दिला. नदीचे अरुंद झालेले पात्र, तिची कृत्रिम वळणे आणि काठची अतिक्रमणे यांकडे या अहवालामुळे लक्ष वेधले गेले.

नंतरचे उपाय : ऑगस्ट २००५ मध्ये मुख्यमंत्र्यांच्या अध्यक्षतेखाली मिठी नदी विकास व संरक्षण प्राधिकरण स्थापन झाले. वरच्या सु. ११.८ किमी. पात्राचे काम मुंबई महानगरपालिकेकडे आणि खालच्या सु. ६ किमी. चे महानगर प्रदेश विकास प्राधिकरणाकडे आले. पात्र रुंद व खोल करणे, झोपड्या हटवणे, संरक्षक भिंती बांधणे आणि दर उन्हाळ्यात गाळ काढणे अशी ही कामे आहेत. भिंतींमुळे नदी उरल्यासुरल्या खाजणांपासून तुटली, असा आक्षेप पर्यावरणाचे अभ्यासक घेतात. गाळाच्या कंत्राटांवरही सतत संशय राहिला, सु. ६५ कोटी रुपयांच्या कथित गैरव्यवहाराबद्दल मुंबई पोलिसांच्या आर्थिक गुन्हे शाखेने २०२५ मध्ये गुन्हा नोंदवला. जोरदार पावसात कुर्ल्याच्या क्रांतीनगरमधील रहिवाशांना आजही घरे सोडावी लागतात.

सांडपाणी रोखण्यासाठी सफेद पूल व बापट नाल्यांतले पाणी भूमिगत बोगद्याने धारावीच्या प्रक्रिया केंद्राकडे वळवण्याची योजना आहे. शहरातल्या नियोजित सात मोठ्या केंद्रांपैकी धारावीच्या केंद्राची क्षमता रोज ४१.८ कोटी लिटर आहे. मात्र सांडपाणी वळवल्यावर पावसाळ्याखेरीज वरच्या पात्रात वाहायला फारसे काही उरत नाही. मिठीला नदी म्हणून पुन्हा वाहती करायची, तर विहार-पवईच्या पाण्यातला किंवा शुद्ध केलेल्या सांडपाण्यातला काही वाटा तिच्यासाठी राखावा लागेल.