मिठाच्या खड्यावर तोललेला आवाज

हौशी रेडिओवाल्यांच्या, म्हणजे ‘हॅम’ मंडळींच्या टेबलावर उभा राहणारा एक जुना माइक आहे. खाली जड बैठक, वर दांडा आणि त्यावर चकचकीत गोल डोकं. नाव ॲस्टॅटिक डी-१०४; अमेरिकेत लाडाचं नाव ‘लॉलीपॉप’. १९३३ साली ओहायो राज्यात दोन हॅमनी काढलेल्या कंपनीने तो आणला आणि जवळपास ७ दशकं तो बनत राहिला.

त्याआधी स्वस्तातला माइक म्हणजे कार्बनचा. त्यात कार्बनची बारीक कणी भरलेली असे. बोललं की पडदा हले, कणी दाबली जाई, सैल होई आणि तिच्यातून वाहणारी बॅटरीची वीज कमीजास्त होई. पण मागे सतत खरखर. कणी घट्ट बसली, की टिचकी मारून मोकळी करायची!

डी-१०४ने कणीऐवजी रोशेल क्षाराचा स्फटिक घेतला. १७व्या शतकात फ्रान्समधल्या ला रोशेल गावच्या सेन्येत नावाच्या औषधविक्याने हा क्षार बनवला आणि तो पोट साफ करायला दिला जाई. पुढे १८८० साली जाक आणि पिएर क्युरी या भावांनी दाखवलं, की काही स्फटिक दाबले की त्यांवर वीज उमटते. हेच पिएर पुढे मेरी क्युरींचे पती झाले. त्या स्फटिकांत रोशेल क्षार होता आणि आपली उसाची साखरसुद्धा!

म्हणजे या माइकच्या डोक्याला बॅटरी लागत नाही. आवाजाने पडदा हलतो, पडदा स्फटिकाला वाकवतो आणि वीज तयार होते. पण ती अगदी नाजूक. जुन्या व्हॉल्व्हच्या सेटला ती चाले, कारण तो माइककडून फारच थोडी वीज ओढे. ट्रान्झिस्टरचे बरेच सेट जास्त ओढणारे निघाले. माइक थेट जोडला, की आवाजातला खर्ज नाहीसा होई आणि बोलणं चिरकं, पातळ ऐकू येई. म्हणून बैठकीतच ट्रान्झिस्टरचा छोटा ॲम्प्लिफायर आणि ९ व्होल्टची बॅटरी बसवली गेली. तो माइककडून अगदी कमी घेतो आणि सेटला पुरेसं देतो. दांड्याजवळची पट्टी दाबली की बोलायचं, सोडली की ऐकायचं.

क्षारच तो, ओल आणि उष्णता त्याला सोसत नाही. दमट हवेत किंवा तापलेल्या गाडीत ठेवला, की स्फटिक कायमचा जातो. म्हणून असा जुना माइक मुका झाला, तर आधी बॅटरी बदलून पाहावी, मग वायर, आणि शेवटी स्फटिकावर संशय घ्यावा.

एवढी काळजी कशाला? डिसेंबर २००४मध्ये भारती प्रसाद हॅम केंद्र चालवायला सहकाऱ्यांसह पोर्ट ब्लेअरला गेल्या होत्या. २६ तारखेला त्सुनामी आली, फोन बंद पडले आणि त्यांच्या रेडिओवरून बेटांवरच्या माणसांची खुशाली मुख्य भूमीवरच्या घरांपर्यंत पोचू लागली. अशा वेळी ‘सुमन’ की ‘कुमुद’, हे नाव स्पष्टच ऐकू यावं लागतं. एका घराचा जीव त्या एका अक्षरात अडकलेला असतो.