वैशाखातला एक दिवस, मागावर

चपला इथेच काढा. मनगटावरचं घड्याळही खिशात टाका, आज त्याचं काही काम नाही. तुम्ही सौंसरमध्ये आहात, पण छिंदवाडा-नागपूरची छोटी रेल्वे अजून इथे पोचलेली नाही. पांढुर्णा आणि सौंसर मिळून वेगळा जिल्हा व्हायला 2023 साल उजाडायचंय. आत्ता वैशाख चालू आहे, कोंबडं नुकतंच आरवलंय आणि कोष्ट्यांची वस्ती कधीचीच जागी झाली आहे.

वास आला? आंबूस, पिठुळ, थोडासा शिळ्या पेजेचा. ती खळ. चिंचेखाली बांबूंच्या आधाराने लांबच लांब ताणा पसरलाय आणि दोन्ही बाजूंनी माणसं कुंचे घेऊन चालताहेत. ही पांजणी. कुणीतरी तुमच्याही हातात कुंचा देतं. पाहुणा म्हणून नुसतं बसायची सोय या वस्तीत नाही.

"हलक्या हातानं, जी! वरतून खाली. उलटा फिरवू नका."

खळ बोटांना चिकटते, कोपरापर्यंत ओघळते. सगळ्यांची नजर पूर्वेकडे आहे. ऊन चढायच्या आत धागा न् धागा सुटा व्हायला हवा, नाहीतर खळ वाळून धागे एकमेकांना धरतील. म्हणून इथे शेजारधर्म पहाटेच पाळावा लागतो. आज याची पांजणी, उद्या त्याची. कागदावर लिहिलेला एकही नियम नसलेली ही कारागिरांची पेढी अशी चालते.

आता घरात चला. मान वाकवा, दार बुटकं आहे. बाहेरच्या झगझगाटानंतर क्षणभर काहीच दिसत नाही, फक्त ऐकू येतं: ठक्, ठक्, ठक्. शेजारच्या घरातूनही तेच, पलीकडच्याही. मागापुढे जमिनीत खड्डा आहे. काठावर बसा आणि पाय आत सोडा. किती गार वाटलं! तो गारवा तुमच्यासाठी नाही, सुतासाठी आहे. वैशाखाच्या कोरड्या हवेत सूत तडकतं. जमिनीची ओल त्याला नरम ठेवते. विणकर पिढ्यान्‌पिढ्या या ओलीत पाय ठेवून बसलाय.

सूत नागपूरहून बैलगाडीने आलंय. तिथे 1877 पासून एम्प्रेस मिल धडधडतेय. पण गिरणीचं सूत इथे आलं की त्याला या घराच्या चालीनं चालावं लागतं. कोपऱ्यात आजी रहाटावर कांड्या भरतेय. सून बोटांना राख लावून सांधणी करतेय: जुन्या ताण्याचं एकेक टोक नव्याच्या टोकाला पिळून जोडायचं. अशी टोकं हजारांच्या घरात. तुम्ही एक जोडून बघा. सुटलं. पुन्हा. पुन्हा सुटलं. आजी हसते.

"धाग्याले घाई नाही चालत, भाऊ."

मागावर लग्नाचं नऊवारी लुगडं आहे, नागपूर-भंडाऱ्याकडे मिरवतात तसल्या करवती काठाचं. त्याला तीन धोटे लागतात: दोन काठांना दोन, मधल्या अंगाला एक. काठाचा बाणा आणि अंगाचा बाणा जिथे भेटतात तिथे प्रत्येक फेरीला एकमेकांत अडकवायचे, मग करवतीच्या दात्यांसारखी नक्षी उठते. विलायतेत जॉन के याने 1733 मध्ये धावता धोटा काढला, त्याने विणकाम झपाट्याने होऊ लागलं. पण एका काठापासून दुसऱ्या काठापर्यंत सुसाट पळणारा एकटा धोटा हे दाते घालू शकत नाही. तिथे थांबावंच लागतं, हातानेच अडकवावं लागतं. लुगड्याचं सौंदर्य नेमकं त्या थांबण्यात आहे.

दुपार कलते. पाठ अवघडलीय, खांदे भरून आलेत, आणि विणून झालंय जेमतेम वीतभर. एवढ्यात अंगणात बैलांच्या घुंगरांचा गलका होतो. पांढुर्ण्याचं वऱ्हाडी कुटुंब लुगडं बघायला आलंय. धूळ, घाम, तंबाखू, पोरांचा कल्ला, पाण्याचे तांबे. नवरीची आई पदर बोटांत चोळून बघते, काठ उजेडाला धरते आणि ठरल्या रिवाजाप्रमाणे भाव पाडून मागते.

तुम्ही गप्प बसू शकत नाही ना? सकाळची खळ अजून तुमच्या नखांत आहे. त्या काठात आजीचा रहाट आहे, सुनेची राखेची बोटं आहेत, पहाटे पांजणीला धावून आलेले शेजारी आहेत. अख्ख्या घराचे दिवस तिथे घडी घालून ठेवलेत. पण विणकर आवाज चढवत नाही. तो सावकाराच्या सुताचा हिशोब मनात करतो, एक आकडा सांगतो आणि पुन्हा धोट्याला हात घालतो.

आता परत फिरा, चपला घाला. मध्य प्रदेशातल्या हातमागाच्या केंद्रांत सौंसरचं नाव आजही घेतलं जातं. तिकडे गेलात तर माग चालू असलेलं घर विचारा, काठ उजेडाला धरून बघा, आणि विणकराने सांगितलेली किंमत घासाघीस न करता द्या. कापडाच्या घडीत त्याचे दिवस आहेत, आणि ते त्याला कुणी परत देणार नाही.