गांधीलमाशी आणि जोनाथन व्हॉटर्स

२००४ चा उन्हाळा आठवतो? आपल्या कितीतरी मुलांच्या मनगटावर पिवळं रबरी कडं होतं. आमच्या चिरंजीवांनी तर ते आंघोळीलाही काढलं नाही. लान्स आर्मस्ट्राँग तेव्हा घराघरातला हीरो. २०१२ मध्ये अमेरिकेच्या उत्तेजकविरोधी संस्थेने त्याची सातही टूर द फ्रान्स विजेतेपदं काढून घेतली. त्याच्याविरुद्ध साक्ष देणाऱ्यांत एक जुना संघसहकारी होता: डेन्व्हरचा जोनाथन व्हॉटर्स.

१९७३ चा जन्म, अंगाने किरकोळ, घाट चढण्यात पटाईत. १९९९ मध्ये फ्रान्समधला मों व्हांतू हा बोडका डोंगर त्याने ५६ मिनिटं ५० सेकंदांत चढून विक्रम केला. त्या काळात तो ईपीओ, म्हणजे रक्तातल्या तांबड्या पेशी वाढवणारं औषध घेत होता. टूरमध्ये तो चारदा उतरला, पण पॅरिसला एकदाही पोचला नाही. २००१ ची हकीकत तर विलक्षण आहे. तेव्हा तो एका फ्रेंच संघात होता. शर्यतीचे थोडे दिवस उरलेले, आणि गांधीलमाशी चावून एक डोळा सुजून बंद झाला. कॉर्टिझोनच्या एका इंजेक्शनने सूज उतरली असती, पण नियमात ते बसत नव्हतं. संघाने नियम पाळला, व्हॉटर्स घरी परतला. ईपीओ घेऊन डोंगर जिंकणारा माणूस साध्या औषधापायी शर्यतीला मुकला!

निवृत्तीनंतर त्याने डेन्व्हरमध्ये होतकरू मुलांचा छोटा संघ काढला. त्यातूनच पुढे स्लिपस्ट्रीम, म्हणजे नंतरचा गार्मिन संघ उभा राहिला. इथे सुई बंद. बाहेरच्या तज्ज्ञांकडून रक्ताची वरचेवर तपासणी. २००८ मध्ये हा संघ टूरला गेला आणि २०१२ च्या मे महिन्यात कॅनडाच्या रायडर हेशडालने इटलीची जिरो शर्यत अवघ्या १६ सेकंदांनी जिंकली.

वाल्याचा वाल्मीकी झाला, असं म्हणून मोकळं होता आलं असतं. पण वाल्याने आधी आपलं पाप मान्य केलं होतं. व्हॉटर्सने स्वतःबद्दलची जाहीर कबुली दिली ती ऑगस्ट २०१२ मध्ये, न्यूयॉर्क टाइम्समधल्या लेखात. इतकी वर्षं तो स्वच्छ सायकलिंगचा झेंडा मिरवत होता. मला हे खटकतं. त्याच वर्षी त्याच्या संघातल्या तिघांवर जुन्या चुकांसाठी सहा महिन्यांची बंदी आली. २०१३ मध्ये हेशडालनेही आधीच्या काळातली कबुली दिली. तरीही व्हॉटर्सने या मुलांना हाकललं नाही. खरं बोलणाऱ्याची नोकरी जाणार नाही, असं त्याने आधीच सांगून ठेवलं होतं. शब्द पाळला, एवढं श्रेय त्याला द्यायलाच हवं.

२०१७ च्या ऑगस्टमध्ये पुरस्कर्ता न मिळाल्याने संघ बंद पडायची वेळ आली. चाहत्यांनी वर्गणी काढली, आणि अखेर ईएफ एज्युकेशन फर्स्ट ही शिक्षण क्षेत्रातली कंपनी पुढे आली. २०१८ पासून तो संघ गुलाबी जर्सीत धावू लागला.