हंगामाच्या उंबरठ्यावर धेंपो

श्रावण सरत येतो, घराघरांत चवथीची माटोळी बांधण्याची लगबग सुरू होते, आणि त्याच सुमारास गोमंतकात आणखी एका विषयाची चर्चा रंगू लागते. देवळाच्या चौकात आरती आटोपल्यावर चार माणसे खांबाला टेकून बसली, की कुणीतरी विचारतोच, “औंदां कितें?” हा प्रश्न पावसाचा नसतो आणि भाताच्या पिकाचाही नसतो. तो फुटबॉलच्या नव्या हंगामाचा असतो. कोणत्या संघाने कोणता खेळाडू घेतला, कोण सोडून गेला, कोणाच्या गुडघ्याची दुखापत बरी झाली, यांवरून भाकिते केली जातात आणि पुढे बहुधा ती सर्व खोटी ठरतात. अशा भाकितांचाही एक इतिहास असतो. धेंपो क्लबाच्या बाबतीत तो सांगण्याजोगा आहे, असे आम्हांस वाटते.

हा खेळ गोमंतकात आला तो ख्रिस्ती धर्मगुरूंबरोबर. १८८३ साली फादर विल्यम रॉबर्ट लायन्स यांनी शिवोली येथे त्याची मुहूर्तमेढ रोवली, असे सर्वसाधारणपणे मानले जाते. पुढे पाठशाळांची मैदाने, चर्चसमोरचे पटांगण आणि कापणी झालेले भाताचे मळे यांतून तो गावोगाव पसरला. यावरून हा खेळ आपल्या समाजाचा नव्हे, अशी एक समजूत पूर्वी आपल्यांतल्या काही घरांत होती. वस्तुस्थिती मात्र निराळी आहे. मुक्तीच्या आगेमागे ज्या संस्थांनी गोमंतकीय फुटबॉलला स्थिर पाया दिला, त्यांतील दोन प्रमुख संस्था, साळगावकर आणि धेंपो, या सारस्वत उद्योगपतींच्या घराण्यांनी पोसलेल्या होत. गोव्याचे पहिले मुख्यमंत्री दयानंद बांदोडकर यांच्या नावाचा सुवर्णचषक १९७० साली सुरू झाला, त्याचे आकर्षण कित्येक वर्षे टिकले. १९८३-८४ मध्ये गोव्याने संतोष करंडक जिंकला तेव्हा संपूर्ण स्पर्धेत गोव्यावर एकही गोल झाला नाही. त्या संघाचे गोलरक्षक होते ब्रह्मानंद शंखवाळकर. पुढे १९९७ चा अर्जुन पुरस्कार आणि २०२२ ची पद्मश्री त्यांच्याकडे चालत आली. आश्रयदाता हिंदू, खेळाडू बहुधा ख्रिस्ती, आणि प्रेक्षकांत दोन्हींची सरमिसळ, अशी ही घडण. सासष्टीतल्या एखाद्या मैदानावर गोल झाल्यावर कोण कोणाच्या गळ्यात पडतो याची चौकशी करण्याच्या भानगडीत कुणी पडत नाही.

या आश्रयाचे आर्थिक मूळ ध्यानी घेतले पाहिजे. खनिजाचा धंदा पावसाळ्यात बंद असे. आश्विन उजाडला की खाणी पुन्हा सुरू होत, मांडवी-जुवारीतून बार्जी मुरगाव बंदराकडे धावू लागत, आणि त्याच सुमारास फुटबॉलही रंगात येई. लोहखनिजाचा हंगाम आणि चेंडूचा हंगाम असे जोडीनेच चालले. खेळाडूला कंपनीत नोकरी मिळे. सकाळी सराव, दुपारी कचेरी. ही व्यवस्था आज कुणाला जुनाट वाटेल. परंतु मुलाने पुस्तके टाकून चेंडूमागे लागण्यास गरीब घरातील बापाने संमती द्यावी, एवढे सामर्थ्य तिच्यात होते.

धेंपो संघ साठीच्या दशकात उभा राहिला आणि सत्तरीच्या अखेरीस त्याने मुंबईत कूपरेज मैदानावर रोव्हर्स चषक जिंकून आपले नाव गोव्याबाहेर नेले. तथापि राष्ट्रीय साखळी स्पर्धा १९९६-९७ मध्ये सुरू झाल्यावर गोव्याच्या वाट्याला पहिल्यांदा आली ती मुख्यतः हुलकावणी. पहिल्या आठ हंगामांपैकी सहा विजेतेपदे कलकत्त्याच्या मोहन बागान व ईस्ट बंगाल या दोघांनी वाटून घेतली. गोमंतकाला लाभले ते एकच, १९९८-९९ मधील साळगावकरांचे. दुसरे स्थान मात्र चर्चिल ब्रदर्स, साळगावकर आणि धेंपो यांनी मिळून पाच वेळा पटकावले. “गोंयकार खेळतात गोड, पण शेवटी ढिले पडतात,” हे वाक्य त्या वर्षांत आपल्याच माणसांच्या तोंडून किती वेळा ऐकले असेल!

अशा स्थितीत २००४ चा पावसाळा उलटला. धेंपोची त्या वेळची आशा निराधार नव्हती. आदल्या हंगामात संघ दुसरा आला होता. प्रशिक्षक आर्मांदो कुलासो २००० सालापासून संघाबरोबर होते आणि त्यांनी तरुण गोमंतकीय मुलांना हाताशी धरून एक ठाम घडी बसवली होती. त्यांत भर पडली ती क्रिस्तियानो ज्युनियर या ब्राझिलियन आघाडीवीराची. हा तोच खेळाडू, ज्याच्या गोलांच्या बळावर ईस्ट बंगालने आदल्या वर्षीची लीग जिंकली होती. विजेत्याचे शस्त्र उपविजेत्याच्या हाती आले होते. भाकित करणाऱ्यास याहून अधिक काय हवे?

५ डिसेंबर २००४ रोजी बंगळूरच्या कंठीरव मैदानावर फेडरेशन चषकाचा अंतिम सामना झाला. समोर मोहन बागान. धेंपोने २-० असा विजय मिळविला. हा चषक क्लबाला पहिल्यांदाच लाभत होता. दोन्ही गोल ज्युनियरचे. दुसरा गोल करताना त्याची आणि प्रतिपक्षाच्या गोलरक्षकाची टक्कर झाली. ज्युनियर खाली कोसळला, तो पुन्हा उठला नाही. त्याचे वय अवघे पंचवीस वर्षांचे होते. मैदानावरील वैद्यकीय व्यवस्था अपुरी होती, अशी टीका त्यानंतर देशभर झाली. ती आवश्यकच होती. तिला इतका उशीर व्हावा हे मात्र लज्जास्पद होय. करंडक घेऊन परतलेल्या त्या संघाचे स्वागत कोणत्या शब्दांनी करावे हे गोव्यात कुणालाच सुचेना.

आता नव्या राष्ट्रीय लीगच्या उंबरठ्यावर या संघाकडून काय अपेक्षा धरावी? ज्याच्यावर सारी भिस्त तोच गेला. उरलेल्या मुलांनी आपला सोबती डोळ्यांदेखत मरताना पाहिला होता. शहाण्या माणसाने अशा संघावर पैज लावली नसती. परंतु बारा संघांच्या, प्रत्येकी बावीस सामन्यांच्या त्या दीर्घ स्पर्धेत धेंपो पहिला आला, आणि दुसरा आला तोही गोव्याचाच, स्पोर्टिंग क्लब. कलकत्त्याला पहिल्या दोन स्थानांत जागा उरली नाही. याचे श्रेय शोकाला देण्याचा मोह अनेकांना झाला. ‘त्याच्यासाठी खेळले’ असे म्हटले की गोष्ट गोड होते. आमचे मत थोडे वेगळे आहे. बावीस सामने भावनेवर जिंकता येत नाहीत. मागची चार वर्षे कुलासो यांनी जी घडी बसवली होती, ती एका माणसावर अवलंबून नव्हती, हे त्या हंगामाने दाखवले. ज्युनियरच्या झळाळीपुढे ती घडी भाकित करणाऱ्यांना दिसली नव्हती, इतकेच.

त्यानंतर जे घडले ते भारतीय फुटबॉलमध्ये पूर्वी कधी घडले नव्हते. २००६-०७ पासून २०१२-१३ पर्यंत लागोपाठ सात वर्षे देशाचे विजेतेपद गोमंतकातच राहिले: धेंपोकडे चार वेळा, चर्चिल ब्रदर्सकडे दोनदा, साळगावकरांकडे एकदा. २००७-०८ मध्ये स्पर्धेने आय-लीग हे नाव धारण केले, तेव्हा धेंपो आणि चर्चिल यांचे गुण समसमान होऊन केवळ गोलांच्या फरकावर निर्णय झाला. २००८ साली धेंपो आशियाई एएफसी चषकाच्या उपांत्य फेरीपर्यंत पोहोचला. २०११-१२ मध्ये नायजेरियाच्या रँटी मार्टिन्सने एकट्याने बत्तीस गोल केले. या काळातले क्लिफर्ड मिरांडा, समीर नाईक, महेश गवळी, क्लायमॅक्स लॉरेन्स हे खेळाडू भारताच्या संघातही खेळले. कुलासो यांच्या नावावर एकाच क्लबाबरोबर राष्ट्रीय लीगची पाच विजेतेपदे नोंदली गेली.

मग हे सारे ओसरले कशाने? प्रचलित उत्तर असे, की खाणी बंद पडल्या आणि फुटबॉलही आटला. सप्टेंबर २०१२ मध्ये राज्य शासनाने व ऑक्टोबरमध्ये सर्वोच्च न्यायालयाने खाणकाम थांबवले, हे खरे. त्याचा गोमंतकाच्या साऱ्या अर्थव्यवहाराला धक्का बसला, हेही खरे. परंतु धेंपोच्या बाबतीत हे उत्तर पुरे पडत नाही. त्या घराण्याने आपला खाणव्यवसाय २००९ सालीच सेसा गोवा कंपनीला सतराशे पन्नास कोटी रुपयांना विकला होता, आणि त्यानंतरही संघाने दोन विजेतेपदे मिळवली. तेव्हा कारण अन्यत्र शोधावे लागते. २०१४ साली इंडियन सुपर लीग अवतरली. तिच्या नव्या गोवा संघाच्या मालकांत धेंपो आणि साळगावकर या दोन्ही घराण्यांचे प्रतिनिधी होते. जुने प्रतिस्पर्धी एका नव्या नौकेत बसले, आणि जुन्या दोन होड्या किनाऱ्याला बांधून राहिल्या. याला कोणी दूरदृष्टी म्हणेल, कोणी आणखी काही. पैसा, प्रसिद्धी आणि प्रेक्षक यांचा ओघ मात्र त्या दिशेने वळला, याविषयी दुमत होण्याचे कारण नाही.

२०१४-१५ मध्ये धेंपो आय-लीगमधून खाली घसरला. पाच वेळच्या विजेत्याची ही अवस्था! पुढच्याच वर्षी दुसऱ्या श्रेणीचे विजेतेपद मिळवून त्याने पुनः प्रवेशाचा हक्क संपादन केला. आणि येथे दुसरा उंबरठा आला. २०१६ मध्ये अखिल भारतीय महासंघाने जो नवा आराखडा मांडला, त्यात आय-लीगला दुय्यम स्थान होते. त्याच्या निषेधार्थ साळगावकर, स्पोर्टिंग आणि धेंपो या तिघांनीही राष्ट्रीय स्पर्धेतून अंग काढून घेतले. मैदानावर कमावलेली जागा कागदावर सोडून द्यावी लागली. ज्या खेळाडूंनी ती कमावली त्यांना त्या पावसाळ्यात काय वाटले असेल, याची कल्पना करवत नाही. निर्णय तत्त्वाचा होता, हे आम्हांस मान्य आहे. तत्त्वाची किंमत मात्र मालकांपेक्षा वीस-बावीस वर्षांच्या पोरांनी अधिक चुकती केली.

त्यानंतरची वर्षे क्लबाने गोव्याच्या लीगमध्ये आणि मुले घडविण्यात घालविली. जुन्या गोव्याजवळ एल्ला येथे प्रशिक्षणकेंद्र उभे राहिले. गाजावाजा नसलेले हे काम वृत्तपत्रांच्या नजरेत फारसे भरले नाही. २०२३-२४ मध्ये संघ दुसऱ्या श्रेणीत उतरला आणि दुसरे स्थान मिळवून आय-लीगमध्ये परत आला. प्रशिक्षक होते समीर नाईक, म्हणजे त्या सुवर्णकाळात बचावफळीत उभे राहिलेले तेच समीर नाईक.

२०२४ च्या चवथीनंतर चौकातला तो प्रश्न पुन्हा विचारला गेला. स्पर्धेत संघ पुन्हा बाराच होते आणि सामने बावीस, २००४-०५ सारखेच. मात्र ती आता देशातील पहिली नव्हे, दुसऱ्या पायरीची स्पर्धा होती. धेंपोकडून विजेतेपदाची भाषा कुणी केली नाही. टिकून राहावे, एल्लाच्या मैदानावरची पोरे मोठ्या सामन्यांत उतरलेली दिसावीत, एवढीच अपेक्षा होती. विजेतेपदाच्या जवळ गेला तो शेजारचा चर्चिल ब्रदर्स. एप्रिल २०२५ मध्ये महासंघाने त्याला विजेता म्हणून घोषित केले, आणि जुलैत स्वित्झर्लंडमधील क्रीडा लवादाने तो मान इंटर काशीला दिला. त्या पावसाळ्यात देवळाच्या चौकात बसलेल्या मंडळींना, हंगामाचे भाकित करताना आघाडीवीर आणि गोलरक्षक यांच्याबरोबर वकिलांचीही नावे विचारावी लागली.