तळवलकर, स्मिता

तळवलकर, स्मिता : (५ सप्टेंबर १९५४ – ६ ऑगस्ट २०१४). मराठी चित्रपट व दूरचित्रवाणी मालिकांच्या निर्मात्या, दिग्दर्शिका व अभिनेत्री. २ ऑक्टोबर १९७२ रोजी मुंबई दूरदर्शन केंद्र सुरू झाल्यावर जी मराठी वृत्तनिवेदक मंडळी घरोघरी परिचित झाली, त्यांत त्यांची गणना होते. वृत्तनिवेदनाचे काम त्यांनी सु. १७ वर्षे केले. तू सौभाग्यवती हो व गडबड घोटाळा (दोन्ही १९८६) या चित्रपटांतून त्यांनी भूमिकाही केल्या.

‘अस्मिता चित्र’ ही त्यांची निर्मितिसंस्था. मराठी चित्रपटांस शासनाची करपरतावा योजना १९७५ पासून उपलब्ध होती. तथापि १९८० नंतरच्या दशकात विनोदी चित्रपटांचाच जम बसला होता आणि गंभीर कौटुंबिक विषयात पैसा गुंतविणे धोक्याचे मानले जाई. अशा वेळी त्यांनी कळत नकळत (१९८९, दिग्दर्शक कांचन नायक) निर्माण केला. पतीच्या विवाहबाह्य संबंधामुळे संसारास जाणारे तडे हा त्याचा विषय असून, सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार त्यास लाभला. चौकट राजा (१९९१, दिग्दर्शक संजय सूरकर) या चित्रपटात मतिमंद नायकाची भूमिका दिलीप प्रभावळकर यांनी केली. स्मिता तळवलकर त्यात त्याच्या बालमैत्रिणीच्या भूमिकेत होत्या. सवत माझी लाडकी (१९९३) या चित्रपटाचे दिग्दर्शन त्यांनी स्वतः केले. तू तिथे मी (१९९८) मध्ये निवृत्तीनंतर मुलांच्या सोयीसाठी एकमेकांपासून दूर राहावे लागणाऱ्या वृद्ध दांपत्याची कथा आहे. त्यासही सर्वोत्कृष्ट मराठी चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. सातच्या आत घरात (२००४) हा त्यांचा आणखी एक उल्लेखनीय चित्रपट.

दूरचित्रवाणीसाठी त्यांनी अनेक मालिका निर्मिल्या. पहिल्या बाजीराव पेशव्यांच्या जीवनावरील राऊ ही ना. सं. इनामदारांच्या कादंबरीवर आधारलेली होती. १९९९ मध्ये सुरू झालेल्या अल्फा मराठी या खाजगी वाहिनीवरील त्यांची अवंतिका ही मालिका विशेष लोकप्रिय झाली. मृणाल कुलकर्णी यांनी तीत शीर्षक-भूमिका केली. अभिनयाच्या शिक्षणासाठी त्यांनी अस्मिता चित्र अकादमी चालविली.

मराठी चित्रपटनिर्मितीत स्त्रिया अल्पसंख्य असताना त्यांनी हा व्यवसाय दीर्घकाळ सांभाळला. घरातील ताणतणाव हा त्यांच्या बहुतेक निर्मितींचा गाभा होय. तो भडकपणा टाळून मांडल्यास प्रेक्षक स्वीकारतात, हे त्यांच्या कारकीर्दीने दाखवून दिले. कर्करोगाने मुंबई येथे त्यांचे निधन झाले.